बुडाची गाठ

मी बिडाचा तवा बोलतोय, आणि खुशीनं बोलत नाही हे आधीच सांगून ठेवतो. मला बोलायची हौस नाही. तव्याचं काम तापायचं, भाजायचं आणि गार व्हायचं. पण गेले पंधरा दिवस सावेडीतल्या आमच्या गल्लीतली कोणीतरी बाई रोज येते, मला दोन्ही हातांनी उचलते, उलटा करते आणि माझं बूड बघते. वर बोट फिरवते. "खरंच सपाट आहे हो," म्हणते. घरातल्या म्हाताऱ्या माणसाला कोणी असं उलटं करून बघतं का?

मग विचारायला लागतात. काचेच्या शेगडीवर बिडाचा तवा चालतो का? काच तडकत नाही का? तुमची तडकली होती ना? घरातली माणसं प्रत्येकीला वेगळं सांगतात. काच माझ्या बुडाखाली तडकली, पण मला एकानंही विचारलं नाही. म्हणून एकदाच सांगतो. पुन्हा उचलून बघायला येऊ नका.

मी नागापूरचा. तिथल्या एमआयडीसीत एक लहान फाउंड्री होती, पंपाचे भाग ओतायची. मला ज्यानं ओतलं तो तिथं मोल्डर होता, म्हणजे वाळूचे साचे बांधायचा. जामखेडकडून कामाला आलेला, लग्नाला वर्ष झालेलं. त्याचं नाव मी इतक्यात घेणार नाही. त्याची बायको मालनबाई त्याचं नाव घेत नाही, ती रिवाज म्हणून. मी घेत नाही तो रागानं. तोवर त्याला ओतणारा म्हणतो.

मालनबाईचा पत्र्याचा तवा वाकला होता. भाकरी एका बाजूनं करपायची, दुसऱ्या बाजूनं कच्ची राहायची, आणि ओतणारा ताटावर बसून तोंड वाकडं करायचा. शेवटी एक दिवस त्यानं साहेबाला विचारलं. साहेब म्हणाला, पाळी संपताना लॅडलमध्ये, म्हणजे ओतायच्या मोठ्या पळीत, जो लोखंडाचा रस उरतो तो घे. मग ओतणाऱ्यानं आंब्याच्या फळीचा गोल नमुना स्वतःच्या हातानं तासला, ओल्या वाळूत दाबला, आणि मला ओतलं. हात चांगला होता त्याचा. ते मी नाकारत नाही. मी खोटं बोलत नाही, तो माझा धंदा नाही.

मला उपडं ओतलं, तोंड खाली आणि बूड वर. तांबडा रस माझ्या बुडाच्या मधोमध एका भोकातून आत उतरला. गार झाल्यावर तिथं एक देठ राहिला. ओतणाऱ्यानं हातोडीच्या एका टोल्यात तो तोडला, तरी हरभऱ्याएवढी गाठ राहिलीच. माणसाला बेंबी असते तशी. कानस हातात घेऊन तो गाठ घासायला बसला, तेवढ्यात भोंगा झाला.

"उद्या घासतो," म्हणाला. मला गोणपाटात गुंडाळलं आणि सायकलला अडकवलं.

हा उद्या लक्षात ठेवा. सदतीस वर्षं चालला तो.

मालनबाईनं मला पहिल्या दिवशी राखेनं घासलं, पुसलं, तेल चोळलं आणि चुलीवर धरलं. धूर निघाला. पुन्हा तेल, पुन्हा जाळ. असं तीन दिवस. चौथ्या दिवशी तिनं अर्धा कांदा तेलात बुडवून माझ्यावर फिरवला आणि भाकरी टाकली. भाकरी चिकटली नाही. तेव्हापासून आजपर्यंत चिकटलेली नाही. आता त्या चकचकीत नॉनस्टिकवाल्यांनी दोन वर्षांत अंगाची सालं काढून घेतलेली मी याच फळीवर शेजारी बसून बघितली आहेत. असो.

मालनबाईचे नियम होते, तिच्या आईनं घालून दिलेले. रिकामा तवा जाळावर ठेवून जायचं नाही. तापल्या तव्यावर पाणी ओतायचं नाही, चर्र आवाज झाला की घरात वाईट होतं. तवा ओढायचा नाही, उचलून ठेवायचा. शाळेत ती दोन वर्षं गेली असेल. पण तेवढे तीन नियम तिनं कधी मोडले नाहीत. मी अडीच किलोचा. चूल झाली, रॉकेलचा स्टो झाला, गॅस झाला. सदतीस वर्षांत तिनं मला एकदाही आदळलं नाही. हे वाक्य पुन्हा ऐका. माझं सगळं भांडण या वाक्यावरून आहे.

आणि आणखी एक सवय होती तिची. चुलीवर भांडं ठेवण्याआधी ती बुडाला राख आणि मातीचा ओला लेप द्यायची. लेप वाळला की मग जाळ. काजळी लेपावर बसते आणि धुताना सगळी लेपासकट निघून जाते. बुडाची गाठही त्या लेपाखाली झाकली जायची. चुलीच्या तीन दगडांवर गाठ कोणाला नडते? गॅसच्या जाळीवरही नाही नडली. मी स्वतः विसरलो होतो की मला गाठ आहे.

मग मुलगा आदिनाथ मोठा झाला, नागापूरलाच कंपनीत लागला. त्याचं शुभांगीशी लग्न झालं, सावेडीत लहानसं घर झालं, दिवाळीच्या आधी छतावर सोलर बसलं. शुभांगी म्हणाली, वीज घरचीच आहे तर शेगडीही विजेची घेऊ. आणि ओट्यात एक काळी काच येऊन बसली. आरशासारखी. वर जाळ नाही, धूर नाही, जाळी नाही. काचेच्या खाली एक गोल कडं तांबडं होतं, बस्स. आकडे एक ते नऊ, बोट लावलं की तापमान वर.

मी त्या काचेकडे बघितलं आणि काच माझ्याकडे बघत होती. मला वाटलं, आपलं काही जमायचं नाही. पण मालनबाईनं मला उचललंच.

शुभांगी सासूला आत्या म्हणते. ती ऑफिसला निघता निघता बोलली, "आत्या, तेवढं काचेवर काळं धरणार नाही असं बघा हं."

तिच्या मनात काही नव्हतं. पण मालनबाईनं ते मनावर घेतलं. सुनेची नवी वस्तू, आपल्यामुळे डाग नको. मग तिनं काय केलं असेल? मुगाला किडा लागू नये म्हणून गावाकडून आणलेली राख तिच्या डब्यात होती. तुळशीच्या कुंडीतली मूठभर माती घेतली. कालवली, आणि माझ्या बुडाला लेप दिला. छान वाळवला. आणि मला काचेवर ठेवून, मधोमध बसावा म्हणून जरा गोल फिरवला.

कर्रर्र असा आवाज झाला.

संध्याकाळी शुभांगीनं काच पुसली तर काळ्या काचेवर पांढऱ्या चऱ्यांचं वर्तुळ. ती काही बोलायच्या आधी मालनबाई पुढं झाली. "माझी चूक हाय शुभांगी. काजळी धरंल म्हनून मी राखमाती लावली. काचेवर जाळच न्हाई तर काजळी कुठली यायची. येवढंबी माझ्या डोक्यात आलं न्हाई."

शुभांगी तोंडाला हात लावून हसायलाच लागली. "आत्या, काचेला मातीचा लेप? कंपनीच्या पुस्तकात हे लिहिलेलंच नाही, त्यांना सुचलंच नसेल." मग म्हणाली, "असू द्या. चरे तर चरे. चांगलं चालतंय ना, झालं."

चूक झाली, सांगितली, संपलं. पाच मिनिटं लागली. ओतणारा तिथंच खुर्चीत चहा पीत बसला होता. बघून काही शिकायला हरकत नव्हती.

मग शुभांगीनं ते पुस्तक आणलं आणि मोठ्यानं वाचायला लागली. बिडाचं भांडं उचलून ठेवावं, काचेवर ओढू नये. मालनबाई म्हणाली, "व्हय." एकदम जास्त तापवू नये, कमी आकड्यावर ठेवून हळूहळू वाढवावं. "व्हय." बूड आणि काच पुसून कोरडी असावी, खाली मिठाचा कण की वाळूचा खडा नको. तापलेल्यावर गार पाणी ओतू नये. रिकामं ठेवून जाऊ नये.

"आगं हे तर माझ्या आईनं सांगितल्यालं हाय," मालनबाई म्हणाली. "माझ्या आईची शेगडी तरी कुठं हुती. तीन दगडं हुते."

शुभांगीनं पुढचं वाचलं. "भांड्याचं बूड सपाट असावं. फुगीर किंवा उंचवटा असलेलं भांडं वापरू नये." आणि तिनं सासऱ्याकडं बघितलं. "मामा, आपल्या तव्याचं बूड कसं आहे?"

ओतणाऱ्यानं मान वरसुद्धा केली नाही. "सपाटच हाय. मी ओतलाय त्यो."

म्हाताऱ्याच्या आवाजात अभिमान होता. मला बरं वाटलं, ते नाही म्हणत नाही. चाळीस वर्षं वाळूत हात घातलेला माणूस आपल्याबद्दल असं सुनेपुढं बोलतो तर बरं वाटणारच. पण मला उचलून बघायला त्याला किती लांब जायचं होतं? चार पावलं. बशी खाली ठेवायची आणि चार पावलं.

लेप धुऊन टाकला आणि मी काचेवर बसलो. आणि डुललो. गाठ मधोमध काचेला टेकलेली, बाकीचं बूड केसभर वर. मालनबाईला पहिल्याच भाकरीला कळलं. काचेवर भाकरी निखाऱ्याला लावून फुगवायची सोय नाही. म्हणून ती फडक्याची घडी करून भाकरीच्या कडा हलक्या हातानं दाबायची, मग भाकरी टम्म फुगते. ती डावीकडं दाबायची तर मी डावीकडं कलायचो, उजवीकडं तर उजवीकडं.

"आवं," ती नवऱ्याला म्हणाली, "तवा डुलतोय."

"शेगडीच वाकडी बसिवली आसंल त्यांनी."

"एकदा बघा तरी."

"उद्या बघतो."

पुन्हा उद्या.

महिनाभर असंच चाललं. त्यात आदिनाथची सकाळची पाळी. त्याला डबा वेळेत हवा, म्हणून तो उठल्या उठल्या जाता जाता शेगडी थेट नऊवर टाकून आंघोळीला जायचा. गार तवा, गार काच, आणि एकदम नऊ. थंडीचे दिवस होते. मालनबाई येऊन पाचवर आणायची, पण तोवर जे व्हायचं ते होऊन गेलेलं असायचं. सगळा ताप आणि सगळं वजन एका हरभऱ्याएवढ्या जागेवर. मी सांगत होतो. कुरकुरत होतो. तव्याचं कुरकुरणं कोण ऐकतो?

एका सकाळी दुसरी भाकरी टाकली होती. बाजरीची. मालनबाईनं फडक्यानं कड दाबली, आणि टक् असा आवाज झाला. अगदी लहान. बोट मोडल्यासारखा. माझ्या बुडाखालून तीन रेघा निघाल्या आणि काचेच्या कडेपर्यंत गेल्या.

शुभांगीनं धावत येऊन भिंतीवरचं बटण बंद केलं. आदिनाथ ओल्या डोक्यानं आला. "काय झालं? कशानं फुटली?"

मालनबाई म्हणाली, "मी कायच केलं न्हाई रं. दाबली निस्ती, रोजच्यावानी."

तेव्हा ओतणारा दारात उभा होता. त्यानं काच बघितली. रेघा कुठून निघाल्या ते बघितलं. चाळीस वर्षं ज्यानं तडकलेलं ओतकाम बघून कारण सांगितलं, त्याला कळलं नसेल? त्याला त्याच क्षणी कळलं. मी त्याच्या तोंडाकडं बघत होतो. त्याचा डावा हात खिशात गेला आणि तो म्हणाला,

"आदळला आसंल हिनं. हिचा हात पैल्यापासूनच जड हाय."

सदतीस वर्षं. एकदाही नाही.

मालनबाईनं त्याच्याकडं बघितलं. फार वेळ नाही. मग तव्यावरची भाकरी काढून टोपलीत ठेवली, फडकं झटकून खुंटीला अडकवलं आणि स्वयंपाकघरातून बाहेर गेली.

"अण्णा, असं काय बोलता," आदिनाथ म्हणाला. पण तोही पुढं म्हणाला, "हा तवा भंगारात देऊन टाकू. हलका घेऊ एखादा."

बाहेरून मालनबाईचा आवाज आला. "तवा घरातनं जायचा न्हाई. पर आता मी शेगडीपाशी यायची न्हाई. माझा हात जड हाय."

आणि ती आली नाही. जुनी गॅसची शेगडी माळ्यावरून खाली आली. शुभांगी सकाळी घाईघाईनं नॉनस्टिकवर चपात्या भाजायची. मालनबाई भाजी निवडायची, लसूण सोलायची, धुणं वाळत घालायची, सगळं करायची. जाळाजवळ मात्र पाऊल नाही. ओतणारा चपातीचा तुकडा मोडून वरणात बुडवून खायचा.

मला गच्चीवर नेलं. कोणीतरी माझ्यात पाणी ओतलं, पाखरांसाठी. बिडाच्या तव्यात पाणी साठवून ठेवायचं. सदतीस वर्षांचं तेल पिऊन काळीभोर झालेली माझी कातडी आठ दिवसांत तांबूस झाली. साळुंक्या यायच्या, पाय बुडवायच्या, आणि जाताना काय ठेवून जायच्या ते सांगत नाही. सोलरचे पत्रे शेजारी ऐटीत ऊन खात पडलेले. मी मनात म्हटलं, पडा. तुम्हालाही म्हातारपण येईल.

एक दिवस शुभांगी कपडे काढायला आली आणि तिचा पाय मला लागला. तिनं वाकून मला हात लावला आणि तो कपाळाला लावला. पोरगी शिकलेली, ऑफिसात बसणारी, पण पाय लागला तर नमस्कार केला. मग पाणी ओतून देऊन मला खाली आणलं आणि ओट्याखाली ठेवलं. मी तिच्यावरचा राग तिथंच सोडला. एवढंच लागतं. माणसं उगाच मोठं काहीतरी समजतात.

तीन आठवड्यांनी नवी काच आली. बसवायला वाल्मिक नावाचा मिस्त्री आला, तिशीतला, खिशात दोन पेन. जुनी काच काढून त्यानं ती उजेडात धरली आणि विचारलं, "ताई, यावर काय ठेवत होता?"

शुभांगीनं मला दाखवलं. "हा. हातातून आदळला गेला, असं म्हणतात घरात."

"आदळल्याचं नाही हे." वाल्मिकनं काचेच्या मधोमध बोट ठेवलं. "आदळलं असतं तर जिथं मार बसला तिथं खड्डा दिसला असता, कपची उडाली असती. इथं बघा, एकाच ठिपक्यापासून सगळ्या रेघा. भांड्याच्या बुडाला टोक असलं की असं होतं. वजनही तिथंच, तापही तिथंच. बघू तवा."

त्यानं मला फरशीवर ठेवलं आणि बोटानं टिचकी मारली. आणि मी फिरलो. काय सांगू, लाज वाटली. चाळिशीला टेकत आलेला तवा भोवऱ्यासारखा घरभर सगळ्यांपुढं गरागरा फिरतोय. आदिनाथला हसू आलं, मग त्यानं ते गिळलं.

वाल्मिकनं मला थांबवून उलटं केलं. "ही बघा गाठ. कोणी ओतला हा? गडी घाईत होता वाटतं."

पलीकडच्या खोलीत वर्तमानपत्राचा आवाज झाला. पान उलटल्याचा.

मालनबाई स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी येऊन उभी राहिली. आत नाही आली. "म्हंजे आदळल्यानं फुटली न्हाई म्हना की."

"नाही मावशी. आदळायचा काही संबंधच नाही."

"जरा मोठ्यानं सांगा. तिकडं बाहेरच्या खोलीत ऐकू जात न्हाई."

वाल्मिक गोंधळला. पण भला माणूस, त्यानं मोठ्यानं सांगितलं. "आदळल्यानं फुटलेली नाही. बुडाला गाठ आहे तव्याच्या. आणि कोणीतरी गार असताना एकदम फुल्लवर टाकत होतं."

"ते मी," आदिनाथ म्हणाला. "नऊवर मी टाकत होतो. आई, ते माझं चुकलं गं."

"आसू दे रं," मालनबाई म्हणाली, पण तिचं लक्ष त्याच्याकडं नव्हतं. ती बाहेरच्या खोलीकडं बघत होती. सगळेच बघत होते.

वर्तमानपत्राच्या मागून आवाज आला. "लई जुनं काम हाय ते." बस्स. एवढंच.

वाल्मिकनं जाताना सांगितलं की तवा टाकू नका, चांगलं बीड आहे, गाठ घासून काढली की काचेवर खुशाल वापरा.

दुसऱ्या दिवशी सकाळी ओतणाऱ्यानं मला उचललं आणि गच्चीवर नेलं. पत्र्याच्या पेटीतून त्यानं आपली जुनी कानस काढली. सदतीस वर्षांपूर्वी भोंगा झाला तेव्हा हातात होती ती हीच का, ते मला माहीत नाही. असावी. मला दोन पायांत धरून त्यानं घासायला सुरुवात केली.

आता तुम्हाला वाटेल मी पाघळलो. नाही पाघळलो. ती गाठ माझी बेंबी होती. जिथून मी आत आलो ती खूण. त्या फाउंड्रीतल्या दुसऱ्या कुठल्या ओतकामावर ती राहिली नव्हती. आणि ती काढायला तो बसला, मला न विचारता. दहा वेळा कानस फिरवली की दम लागायचा, थांबायचा, पुन्हा सुरू करायचा. तीन दिवस लागले. शेवटी त्यानं लोखंडी पट्टी आडवी धरून उजेडात बघितली. पट्टीखालून कुठूनच उजेड येत नव्हता. फरशीवर ठेवून टिचकी मारली. मी हललो नाही.

"राह्यलं हुतं," तो स्वतःशीच म्हणाला.

मी ऐकलं. जवळ दुसरं कोणी नव्हतं. पण ती माफी नाही. राहिलेल्या कामाची नोंद आहे. गाठ राहिली होती हे मला सांगायची गरज नाही, मी तिच्यावर सदतीस वर्षं बसलो आहे. आणि घासणं हे कानशीचं काम झालं, तोंडाचं काम वेगळं असतं. त्यानं मला खाली आणून मालनबाईच्या पुढ्यात ठेवलं.

"बघ," म्हणाला.

तिनं मला उलटं केलं, बोट फिरवलं, मान हलवली. "चांगलं झालंय." मग वाट बघत बसली. ओतणाऱ्यानं खाकरून घसा मोकळा केला. चप्पल शोधली. आणि बाहेर निघून गेला.

मालनबाई उठली, तिनं गंज खरवडला, तेल लावलं, आणि मागच्या दारी तीन दगडांवर जाळ करून तीन दिवस मला पुन्हा तयार केलं, पहिल्यासारखं. चौथ्या दिवशी ती स्वयंपाकघरात आली. सगळ्यांनी बघूनही न बघितल्यासारखं केलं. तिनं काच पुसली, माझं बूड पुसलं, मला उचलून काचेवर ठेवलं. कड्याच्या बरोबर मधोमध. ओढला नाही. तेलाचं बोट फिरवलं आणि शेगडी तीनवर लावली. मला सावकाश ऊब येऊ दिली, मग पाचवर. त्याच्या पुढं नाही. आणि भाकरी टाकली.

मी डुललो नाही. भाकरी टम्म फुगली. आदिनाथला वाढली, शुभांगीला वाढली. शेजारची रोहिणी वाटीभर साखर मागायला आली होती, तिच्या हातावरही अर्धी भाकरी लोण्यासकट ठेवली. त्या रोहिणीनंच मग गल्लीभर केलं आणि माझं बूड बघायची रांग लागली.

ओतणाऱ्याच्या ताटात चपाती आली.

त्यानं चपातीकडं बघितलं. टोपलीत भाकऱ्यांची चळत होती. "मला भाकरी न्हाई का?"

"तुमास्नी भाकरी करायला गेले तर काच फुटंल," मालनबाई म्हणाली. "माझा हात जड हाय."

शुभांगी पाणी आणायला म्हणून आत गेली आणि फ्रीजला टेकून पोट धरून हसली. मी बघितलं.

तेव्हापासून हेच चाललंय. पंधरा दिवस झाले. तो रोज ताटावर बसतो, रोज विचारतो, रोज चपाती मिळते. तिच्या तोंडावर राग नसतो. वरण वाढते, तूप वाढते, औषधाच्या गोळ्या मोजून हातावर देते. भाकरी देत नाही. परवा तो म्हणाला, "आगं, त्या दिवशी मी..." आणि मालनबाईचा हात भाकरीवर थांबला. पण तेवढ्यात फोन वाजला आणि तो फोनवर बोलायला गेला. परत आला तेव्हा हवेबद्दल बोलला.

म्हणून आता ऐका. काचेच्या शेगडीचं विचारत होता ना, ते सगळं सांगून झालंय. आमच्या घरात ते कोणी मोडलं आणि मोडल्यावर कोण काय बोललं, तेही सांगितलं. त्यातलं घ्यायचं ते घ्या. मला भंगारात घालायचा विचार ज्यांच्या मनात आला त्यांना मी दिसतोय तसा दिसत राहीन, काळाभोर, जागच्या जागी. आणखी पन्नास वर्षं. बीड लवकर मरत नाही.

माझी बेंबी घासून काढली म्हणून मी गप्प बसणार नाही. मला जड म्हणा. मी जड आहेच, अडीच किलो. तिला जड म्हणायचं नाही. तिच्यापुढं, सुनेपुढं, मुलापुढं, त्याच ओट्यापाशी उभं राहून चार शब्द बोलायचे आहेत: तिनं तवा आदळला नव्हता. कानस लागत नाही, दम लागत नाही. आधी तिला सांग. मग मला सांगितलंस तर सांग, मी इथं काचेवर तापत बसलोय, टोपलीत तुझ्या वाटणीची भाकरी रोज उरतेय, आणि मालनबाई कधी घेणार नाही ते नाव मीच घेतो: रंगनाथ.